डग्गा वाजवणाऱ्याचं नाव काय?

जॅझच्या तबकड्यांचा एक साधा रिवाज आहे. मुखपृष्ठावर ज्याचं नाव मोठ्या अक्षरांत, तो संचाचा प्रमुख. कोणती रचना घ्यायची, सोबत कोणाला बोलवायचं, कोण किती वेळ वाजवणार, हे तो ठरवतो. हे नाव बहुतेक वेळा सॅक्सोफोन, ट्रम्पेट किंवा पियानो वाजवणाऱ्याचं असतं. डबल बास वाजवणारा मागे उभा असतो. माणसाहून उंच असं ते वाद्य, आणि त्याचा सूर सगळ्यात खालचा, आपल्या भाषेत खर्जातला. तो थांबला की बाकीच्यांच्या पायाखालची जमीन सरकते. तो चालू असतो तेव्हा मात्र त्याच्याकडे फारसं कोणाचं लक्ष नसतं.

म्हणून बासवादकाच्या नावाने निघालेली, तिघांच्या संचाची आणि तीही प्रत्यक्ष मैफलीतली तबकडी कमी आढळते. अशी एक तबकडी आहे हेन्री ग्राइम्स ट्रिओची. नाव साधंच आहे, ‘लाइव्ह ॲट द केरावा जॅझ फेस्टिव्हल’. फिनलंडमधल्या केरावा या छोट्या शहरात २००४ च्या जून महिन्यात ही मैफल झाली आणि पुढच्या वर्षी ती प्रसिद्ध झाली. बासवर हेन्री ग्राइम्स, सॅक्सोफोन आणि बास क्लॅरिनेटवर डेव्हिड मरे, ड्रमवर हमीद ड्रेक. तिघेही कृष्णवर्णीय अमेरिकन.

जातिअंताची चर्चा करणाऱ्या या सदरात आणि तेही चंडीगडच्या निमित्ताने ही तबकडी कशाला, असा प्रश्न पडेल. त्याचं उत्तर असं की साथ करणाऱ्याचं नाव पुढे यायला काय काय लागतं आणि ते कशाकशाने अडतं, हे या एका माणसाच्या आयुष्यात फार स्पष्ट दिसतं. चंडीगडच्या रस्त्यांवर लग्नसराईत ढोल वाजवणारे जे हात दिसतात, त्यांच्या बाबतीत हाच प्रश्न जातीचं रूप घेऊन उभा राहतो. तो आपल्या हलगीवाल्यांना, बँडवाल्यांना आणि खुद्द आपल्या जयंतीच्या मंचालाही लागू आहे.

आधी ग्राइम्स कोण ते पाहू.

त्यांचा जन्म १९३५ चा, फिलाडेल्फियाचा. बारा-तेरा वर्षांचे असताना हातात व्हायोलिन आलं. पुढे मास्टबॉम या सरकारी तंत्रशाळेत ट्यूबा, तालवाद्यं आणि डबल बास शिकायला मिळाले. तिथून न्यूयॉर्कच्या जुलिअर्ड या नामांकित संगीतशाळेत शिक्षण झालं. १९५८ च्या न्यूपोर्ट जॅझ महोत्सवात बावीस वर्षांचा हा मुलगा एकामागून एक संचांबरोबर वाजवत राहिला. बेनी गुडमन, थेलोनियस मंक, सनी रोलिन्स अशी मोठी नावं त्यात होती. त्या महोत्सवावरच्या ‘जॅझ ऑन अ समर्स डे’ या चित्रपटात मंक यांच्यासोबत ते दिसतात. १९५९ मध्ये रोलिन्स यांच्या तिघांच्या संचातून ते युरोपात वाजवून आले. पुढे सेसिल टेलर, अल्बर्ट आयलर, डॉन चेरी अशा नवी वाट काढणाऱ्या वादकांनी त्यांना आपल्यासोबत घेतलं. १९६५ च्या डिसेंबरात ‘द कॉल’ ही स्वतःच्या नावाची पहिली तबकडी त्यांनी ध्वनिमुद्रित केली. तोही तिघांचाच संच होता.

साठचं दशक संपता संपता हा माणूस दिसेनासा झाला. पश्चिम किनाऱ्याकडे जाताना त्यांचा बास मोडला. दुरुस्तीला पैसे नव्हते, म्हणून तो त्यांनी वाद्यं बनवणाऱ्या एका कारागिराला विकून टाकला. नंतरची तीसेक वर्षं लॉस एंजलिसमध्ये साफसफाईची, बांधकामावरची, मिळतील ती कामं करत गेली. राहायला एका स्वस्त हॉटेलातली खोली. घरात वाद्य नाही, म्हणून ते वह्यांमध्ये कविता लिहीत राहिले. मधल्या काळात ते वारले असंच अनेकांनी धरून घेतलं. १९७८ साली मुंबईत पहिली जॅझ यात्रा भरली तेव्हा सनी रोलिन्स तिथे वाजवून गेले. त्यांच्याबरोबर युरोप फिरलेला बासवादक जगाच्या हिशेबातून तेव्हा पुसला गेला होता.

२००२ मध्ये मार्शल मॅरॉट नावाच्या एका जॅझप्रेमी समाजसेवकाने त्यांना शोधून काढलं. अल्बर्ट आयलर १९७० सालीच वारले हे ग्राइम्स यांना तोवर माहीत नव्हतं, इतका सगळा संबंध तुटला होता. मग न्यूयॉर्कचे कृष्णवर्णीय बासवादक विल्यम पार्कर यांनी आपल्याकडचा एक हिरवट रंगाचा बास त्यांना पाठवून दिला. २००३ मध्ये ग्राइम्स न्यूयॉर्कच्या व्हिजन महोत्सवात पुन्हा मंचावर उभे राहिले. केरावाची मैफल त्याच्या पुढच्या वर्षीची. वय ६८.

त्या मैफलीत पियानो किंवा गिटार नाही. त्यामुळे सुरांचा आधार द्यायला दुसरं वाद्यच नाही आणि संगीताचा सगळा सांगाडा बासवर उभा आहे. मरे यांचा सॅक्सोफोन उंच उडतो, ओरडतो, पुन्हा खाली येतो. खाली उतरण्यासाठी जी जमीन लागते ती ग्राइम्स पुरवतात आणि मध्येच ती जमीन स्वतःच चालायला लागते. त्यात मरे यांची ‘फ्लॉवर्स फॉर अल्बर्ट’ ही रचनाही आहे. ती आयलर यांच्या स्मरणार्थ केलेली. ज्या मित्राच्या मृत्यूची बातमी तीस वर्षं उशिरा कळली, त्याला वाहिलेली ही फुलं ग्राइम्स स्वतःच्या नावाच्या संचातून वाजवत आहेत. मैफल प्रत्यक्ष असल्यामुळे चुकलं तर पुन्हा घेण्याची सोय नाही. तीन दशकं ज्याच्या हातात वाद्य नव्हतं त्याने भरल्या सभेत उभं राहून हे केलं.

ही गोष्ट बहुतेक ठिकाणी कशी सांगितली जाते? गुणवत्ता लपत नाही, उशिरा का होईना तिचं चीज होतं, खरा कलावंत कधी हरत नाही. ऐकायला गोड वाटतं. ‘मेरिट’ची हीच पोथी आपल्याला शाळेच्या प्रवेशापासून नोकरीच्या मुलाखतीपर्यंत वाचून दाखवली जाते. पण ग्राइम्स यांच्या आयुष्यातून ती पोथी खोटी ठरते.

पहिली गोष्ट म्हणजे त्यांच्या हातात बास आला तो सरकारी तंत्रशाळेमुळे. कामगारांच्या मुलांना हातकाम शिकवणाऱ्या शाळेत वाद्यं ठेवलेली होती आणि ती शिकवणारे मास्तर होते. त्या शाळेत ती नसती तर पुढचं काहीच झालं नसतं. आपल्याकडच्या किती आश्रमशाळांत, किती आयटीआयमध्ये एखादं वाद्य असतं?

दुसरी गोष्ट, हा एवढा मोठा वादक संगीतातून बाहेर फेकला गेला तो एका वाद्याच्या दुरुस्तीचा खर्च परवडला नाही म्हणून. मनाचं आजारपण, एकटेपणा हेही होतं. पण ज्याच्या पाठीशी घर, जमीन आणि चार ओळखीची माणसं असतात त्याचं वाद्य मोडलं तर दुसरं येतं. ज्याच्याकडे पोटापुरतंच आहे त्याचं वाद्य मोडलं की आयुष्य मोडतं. यात गुणवत्तेचा काय संबंध?

तिसरी गोष्ट, ते परत आले तेही कुठल्या व्यवस्थेमुळे नाही. एका माणसाने चिकाटीने शोधलं आणि दुसऱ्या बासवादकाने आपल्याजवळचं वाद्य देऊन टाकलं. आपण ज्याला समाजाचं ऋण फेडणं म्हणतो, ते पार्कर यांनी केलं. पण अशा योगायोगाच्या भरवशावर किती जण परततील? ग्राइम्स एकटे परतले म्हणून त्यांची गोष्ट आपल्याला माहीत आहे. जे परतले नाहीत त्यांची गोष्टच तयार होत नाही.

आणि इथे वंश आणि जात यांतला एक फरकही लक्षात ठेवायला हवा. ग्राइम्स यांच्या वाट्याला झाडलोटीचं काम आलं ते आयुष्याच्या घसरणीत. आपल्याकडे ते काम जन्माबरोबर येतं. लॉस एंजलिसच्या त्या इमारतींत राहणाऱ्यांना कल्पना नव्हती की आपला जिना पुसणाऱ्या माणसाने मंक यांच्यासोबत वाजवलंय. आपल्याकडे जिना पुसणाऱ्याला काही येत असेल अशी शंकासुद्धा कोणाला येत नाही. त्याला काय येतं आणि काय येत नाही, ते आडनावावरून आधीच ठरलेलं असतं.

आता चंडीगडकडे वळू.

या शहराचं आणि जॅझचं एक जुनं नातं आहे, ते आराखड्याच्या कागदावरचं. शहराचे रचनाकार ल कॉर्बुझिए १९३५ मध्ये अमेरिकेला गेले होते. त्यावर १९३७ मध्ये निघालेल्या पुस्तकात त्यांनी कृष्णवर्णीयांच्या जॅझचं, लुई आर्मस्ट्राँग यांचं भरभरून कौतुक केलं. यंत्रयुगाचा ताल त्यांना त्या संगीतात ऐकू आला. पंधराएक वर्षांनी त्याच माणसाने चंडीगड आखलं. सरळ रस्ते, आखीव सेक्टर, अधिकाऱ्यांच्या दर्जाप्रमाणे घरांचे आकार. मात्र हे शहर ज्यांनी डोक्यावर विटा वाहून बांधलं त्या मजुरांना राहायची कायमची जागा त्या आराखड्यात नव्हती. ते झोपड्यांत राहिले, त्या वस्त्या तात्पुरत्या ठरल्या आणि मग बेकायदा ठरल्या. कृष्णवर्णीयांचा ताल आवडणं आणि राबणाऱ्यांना नकाशात जागा देणं या दोन वेगळ्या गोष्टी असतात. पहिलीमुळे दुसरी आपोआप होत नाही.

चंडीगडच्या सरकारी कचेऱ्यांसाठी पिएर जानरे यांच्या देखरेखीखाली ज्या लाकडी खुर्च्या बनल्या, त्या आज परदेशातल्या लिलावांत मोठ्या किमतीला विकल्या जातात. विकताना नाव लागतं जानरे यांचं. ज्या स्थानिक सुतारांनी रंधा मारला आणि वेत विणला त्यांची नावं लिलावाच्या यादीत नसतात. तबकडीचं मुखपृष्ठ काय किंवा खुर्चीवरची चिठ्ठी काय, नाव कोणाचं छापायचं हा प्रश्न या शहराला नवा नाही.

याच शहरात लग्नाच्या मोसमात रस्त्याकडेला ढोल मांडून गिऱ्हाइकाची वाट बघत बसलेले ढोली दिसतात. पंजाबी ढोलाला दोन तोंडं असतात. एका बाजूला बारीक छडी चालते, तिचा आवाज टणक आणि उंच. दुसऱ्या बाजूला जाड, वाकडी काठी चालते, तिचा आवाज खोल. त्या जाड काठीला पंजाबीत डग्गा म्हणतात. आपल्याकडे तबल्याच्या जोडीतल्या घुमणाऱ्या डाव्या अंगालाही डग्गा म्हणतात. शब्द एक, काम एक. खालचा सूर सांभाळायचा आणि वर नाचणाऱ्याला उभं राहायला जमीन द्यायची.

पूर्व पंजाबात आणि चंडीगडमध्ये हा ढोल वाजवणाऱ्यांत बाजीगर समाजाचा मोठा वाटा आहे. मुळात कसरतीचे खेळ करत फिरणारा हा समाज. पंजाबात आणि चंडीगडमध्ये त्याची गणना अनुसूचित जातींत होते. फाळणीत पश्चिम पंजाबातून उखडून आलेल्या कितीतरी बाजीगरांनी इथे ढोलावर पोट भरलं. आज जो भांगडा साऱ्या जगात पंजाबची ओळख म्हणून मिरवला जातो, तो मंचावर उभा राहिला १९५० च्या दशकात. पेप्सू राज्याच्या संघाने तो प्रजासत्ताक दिनाच्या सोहळ्यात दिल्लीला नेला आणि नंतर तो हिंदी सिनेमात गेला. त्या संघाचा ढोल वाजवणारे सुनामचे भाना राम बाजीगर होते. पुढच्या पिढीत चंडीगडचे उस्ताद गरीब दास बाजीगरच होते. भांगड्याच्या संघांना ताल शिकवण्यात त्यांचं आयुष्य गेलं. भांगड्यावर नाचणाऱ्या किती जणांना ही दोन नावं माहीत आहेत?

२०११ च्या जनगणनेनुसार पंजाबात अनुसूचित जातींची लोकसंख्या जवळपास ३२ टक्के आहे. देशातल्या कुठल्याही राज्यापेक्षा हे प्रमाण जास्त. तरी पंजाबी गाण्याची बाजारातली भाषा जाट जमीनदाराची: त्याचा ट्रॅक्टर, त्याची बंदूक, त्याची मिशी. त्याखाली जो ढोल वाजतो तो बहुतेकदा भूमिहीनाच्या हातातला. गाण्याचे शब्द एकाचे आणि ताल दुसऱ्याचा. ज्याचा ताल त्याला त्या शब्दांत जागा नाही.

दलितांतून पुढे आलेलं एक नाव मात्र कोणाला पुसता आलं नाही, ते अमरसिंग चमकीला यांचं. चमार कुटुंबातला, कापडगिरणीत राबलेला हा पोरगा तुंबी घेऊन स्वतः संचाच्या पुढे उभा राहिला. त्यांचे अखाडे, म्हणजे गावोगावचे उघड्यावरचे कार्यक्रम, गर्दी खेचत. ८ मार्च १९८८ रोजी मेहसमपूर इथे अखाड्याला पोचताच त्यांना आणि गायिका पत्नी अमरजोत यांना गोळ्या घातल्या. २०२४ मध्ये त्यांच्यावर चित्रपट आला आणि देशभर त्यांचं नाव पुन्हा घेतलं गेलं. पण त्या दिवशी चार जण मारले गेले होते. उरलेले दोघे त्यांच्या संचातले साथीदार, हरजीत गिल आणि बलदेव सिंग देबू. चमकीला आणि अमरजोत यांची आठवण निघते तेव्हा या दोघांचा उल्लेख बहुतेकदा ‘आणि दोन साथीदार’ एवढाच होतो. सोबत गोळ्या खाल्ल्या तरी साथीदार साथीदारच राहतो.

इथे आपल्याच चळवळीतून एक आक्षेप येईल आणि तो गंभीरपणे घ्यायला हवा. बाबासाहेबांनी गावकीची कामं सोडायला सांगितली. मेलेली ढोरं ओढायची नाहीत, येसकरकी करायची नाही, मिरवणुकीपुढे वाजवायचं नाही. १९२८ साली मुंबईच्या कायदेमंडळात त्यांनी वतनाच्या कायद्यात दुरुस्तीचं विधेयक आणलं ते हा फास सोडवण्यासाठी. हलगी, डफ, ढोल ही गुलामीची निशाणी. मग त्यांची थोरवी सांगत बसणं म्हणजे पोरांना पुन्हा त्याच कामाकडे ढकलणं नाही का?

हा आक्षेप बरोबर आहे आणि ज्यांनी वाद्यं फेकून दिली त्यांनी स्वाभिमानाने फेकली. गावच्या पाटलाने बोलावलं की गळ्यात हलगी अडकवून जावं लागणं, उन्हात वाजवत राहावं लागणं, बदल्यात शिळंपाकं घ्यावं लागणं आणि नाही म्हटलं तर मार खावा लागणं, यात संगीत नव्हतं. ती वेठ होती. त्या वेठीला ‘लोककलेचा वारसा’ म्हणून गोंजारणारे शहरी रसिक ज्या जातींतून येतात त्यांच्या वाडवडिलांच्या गळ्यात हलगी कधी नव्हती.

पण त्याच चळवळीने जलसा उभा केला हेही विसरून चालणार नाही. १९३० च्या दशकात भीमराव कर्डकांच्या आणि इतरांच्या जलशांनी ढोलकी, तुणतुणं, डफ हीच वाद्यं घेतली आणि वस्त्या-वस्त्यांत बाबासाहेबांचा विचार पोचवला. पुढे वामनदादांनी तेच केलं. तमिळनाडूतही परई या वाद्याचा असाच प्रवास झाला. मढ्यापुढे वाजवायची सक्ती म्हणून कित्येकांनी ते टाकलं आणि नंतर दलित तरुण-तरुणींनी तेच विद्रोहाचं वाद्य म्हणून हातात घेतलं. वाद्य बदललं नाही. कोणाच्या हुकमाने वाजवायचं, ते बदललं.

तेव्हा वाजवावं की फेकावं यावर भांडण्यापेक्षा तीन गोष्टी विचारू या. वाजवणाऱ्याला नाही म्हणता येतं का? त्याचं नाव लागतं का? मोबदला तो ठरवतो का? तिन्हींचं उत्तर हो असेल तर ती कला, नाही असेल तर ते बलुतं. गावच्या जत्रेऐवजी पंचतारांकित हॉटेलातलं लग्न आलं आणि धान्याऐवजी डोक्यावरून ओवाळलेल्या नोटा आल्या म्हणून बलुत्याची कला होत नाही.

जॅझच्या इतिहासातही झगडा याच तीन गोष्टींसाठी होता. कृष्णवर्णीय वादक रात्रभर वाजवत, पण क्लबचा मालक गोरा, तबकडीची कंपनी गोऱ्याची. बासवादक चार्ल्स मिंगस यांनी ड्रमवादक मॅक्स रोच यांच्यासोबत १९५२ मध्ये ‘डेब्यू’ ही स्वतःची तबकडी-कंपनी काढली ती याच कारणाने. मागे उभ्या राहणाऱ्या दोघांनी, एका बासवादकाने आणि एका ड्रमवादकाने, ठरवलं की आमच्या कामाचं मालकीपत्र आमच्याकडे असेल. कंपनी फार काळ टिकली नाही. पण बासवादकाने नेतृत्व केलेल्या तबकड्या जगात सहज मान्य झाल्या नाहीत, त्यासाठी अशी भांडणं व्हावी लागली. केरावाच्या मुखपृष्ठावरचं ग्राइम्स यांचं नाव त्या भांडणांच्या खांद्यावर उभं आहे.

आपल्या मुंबईत काय झालं? १९३५ च्या सुमारास ताजमहाल हॉटेलात लिऑन ॲबी यांचा कृष्णवर्णीय संच वाजवायला आला. त्यांचं ऐकून गोव्याचे वादक जॅझ शिकले आणि पुढे त्यांनीच हिंदी सिनेमाचा वाद्यवृंद उभा केला. सेबॅस्टियन डिसोझा, फ्रँक फर्नांड, अँथनी गोन्साल्विस यांच्यासारख्यांनी स्वरलिपी लिहिली, वाद्यं बांधली. पडद्यावर नाव संगीतकाराचं आलं, यांचं आलं तर सहायक म्हणून. गोन्साल्विस यांचं नाव घराघरांत गेलं ते १९७७ च्या ‘अमर अकबर अँथनी’तल्या गाण्यामुळे. त्यांचे शिष्य प्यारेलाल यांनी गुरूला दिलेला तो मान होता. पण ऐकणाऱ्यांपैकी बहुतेकांना ते एका विनोदी पात्राचं नाव वाटलं.

आता कायदा काय म्हणतो ते पाहा, कारण नावाची गोष्ट भावनेवर सोडून भागत नाही. २०१२ साली कॉपीराइट कायद्यात दुरुस्ती झाली. वादकासह प्रत्येक सादरकर्त्याला आपलं नाव सांगितलं जाण्याचा नैतिक हक्क मिळाला आणि व्यापारी वापरावर रॉयल्टीचाही हक्क मिळाला. हे चांगलं झालं. पण ‘सादरकर्ता’ कोणाला म्हणायचं याच्या व्याख्येत एक परंतुक घातलं आहे. चित्रपटात ज्याचं सादरीकरण किरकोळ स्वरूपाचं आहे आणि धंद्याच्या रिवाजाप्रमाणे ज्याचं नाव श्रेयनामावलीत देत नाहीत, तो सादरकर्ता मानला जाणार नाही. कामाची नासधूस झाली तर दाद मागण्यापुरताच त्याला अपवाद. म्हणजे लग्नाच्या दृश्यात चार मिनिटं ढोल बडवणारा बाजीगर किंवा जत्रेच्या दृश्यातला हलगीवाला घ्या. त्याचं नाव द्यायचं नाही हा रिवाज, आणि तसा रिवाज आहे म्हणून त्याला हक्क नाही. जातीचा कारभार असाच चालतो. आधी वगळायचं, मग वगळलं गेल्याचाच दाखला पुढे करायचा.

हे सगळं सरकार आणि सिनेमावाल्यांच्या माथी मारून आपल्याला मोकळं होता येणार नाही. आपल्या १४ एप्रिलच्या जाहिरात फलकावर काय असतं? बाबासाहेबांचा फोटो, खाली नगरसेवकाचा, मग गायकाचा. ढोलकी, बेंजो, कोरस या सगळ्यांची मिळून एकच ओळ, ‘आणि संच’. त्यातला बेंजोवाला वीस वर्षं वाजवत असेल, त्याच्या चालीवर गायकाचं नाव झालं असेल, तरी तो ‘आणि संच’. पुढे चळवळीचा इतिहास लिहायला कोणी बसलं की त्याला फक्त गायकच सापडतात. भीमगीतांच्या कॅसेटच्या काळातला केवढा मोठा वाद्यसंगीताचा ठेवा असा निनावी झाला आहे. ही चूक सुधारायला कोणाची परवानगी लागत नाही. येत्या जयंतीच्या पत्रकावर पाच नावं जास्त छापायला पाच ओळी जास्त लागतील.

तिथून पुढची कामंही अवघड नाहीत. प्रत्येक जिल्ह्यातल्या समाजकल्याणच्या वसतिगृहात चार वाद्यं ठेवावीत आणि ती दुरुस्त करण्यासाठी वर्षाला ठरावीक रक्कम असावी. एका दुरुस्तीच्या खर्चापायी एक हेन्री ग्राइम्स तीस वर्षं गमावला गेला, हे लक्षात ठेवून ही मागणी करावी. ढोल, हलगी, संबळ वाजवणाऱ्यांच्या मैफली व्हाव्यात आणि त्यात वादकच प्रमुख असावा. गाणाऱ्याला बोलवायचं की नाही हे त्याने ठरवावं. चंडीगडच्या टागोर थिएटरमध्ये सतार-सरोदच्या मैफलीला जो मंच, जी बिदागी आणि जी शांतता मिळते, ती बाजीगर उस्तादाच्या ढोलालाही मिळावी. त्या मैफली ध्वनिमुद्रित व्हाव्यात आणि मुखपृष्ठावर त्याचं नाव मोठ्या अक्षरांत असावं. मागच्या बाजूला छडी कोणी धरली, ढोल कोणी मढवला, कातडं कोणी कमावलं, तीही नावं यावीत. कातडं कमावणाऱ्याचं नाव ज्या दिवशी तबकडीवर छापलं जाईल त्या दिवशी भारतीय संगीत पवित्र-अपवित्राच्या गोष्टी सांगायचं बंद करेल.

ग्राइम्स २०२० च्या एप्रिलमध्ये न्यूयॉर्कला कोविडने गेले, वयाच्या ८४ व्या वर्षी. परतल्यानंतर त्यांना सतरा वर्षं मिळाली. त्यात त्यांनी जगभर मैफली केल्या, २००७ मध्ये कवितांचं पुस्तक काढलं, स्वतःच्या नावाने तबकड्या दिल्या. बाबासाहेब शिकायला जिथे गेले त्या कोलंबिया विद्यापीठापासून हार्लेम पायी जाण्याच्या अंतरावर आहे आणि पँथरपासून आपण त्या माणसांशी नातं सांगत आलो आहोत. त्या नात्यातून घोषणा आल्या, कविता आल्या. आता त्यातून आणखी एक सवय उचलायला हवी. कोण वाजवतंय हे विचारायचं आणि मिळालेलं उत्तर लिहून ठेवायचं.

पुढच्या लग्नात ढोल घुमेल तेव्हा त्या वाजवणाऱ्याला त्याचं नाव विचारा. ओवाळलेल्या नोटेपेक्षा ते त्याच्या जास्त दिवस लक्षात राहील. आणि त्याने नाव सांगितलं की ते व्हिडिओखाली टाका, पूर्ण.